बोलीला हसणे आणि बोलीत हसणे

मल्याळी चित्रपटातला विनोद कथेपेक्षा बोलीवर अधिक पोसला आहे. त्रिशूरचा माणूस, कोट्टयमचा माणूस, मलबारचा मापिळा मुसलमान, तोंड उघडताच प्रेक्षक त्याला ओळखतो. मापिळा बोलीत ‘व’चा ‘ब’ होतो. वाटेला ‘वळि’ न म्हणता ‘बयि’ म्हणतात. अशा बोलीचे हसू येते तेव्हा हसतो कोण आणि कुणाला? हा सवाल आमच्या जिव्हाळ्याचा आहे. मराठी नाटक-सिनेमात मुसलमान पात्र आले, की ‘हम बोलता हय’ थाटाची बनावट भाषा बहुधा त्याच्या तोंडी घातली जाते. रत्नागिरीचा कोकणी मुसलमान किंवा सोलापूरचा दखनी बोलणारा तसे बोलत नाही, हे लिहिणाऱ्याला ठाऊक नसावे, किंवा त्याला फिकीर नसावी.

सत्यन अंतिक्काड यांचा ‘नाडोडिक्काट्टु’ (1987) पाहा. पटकथा श्रीनिवासन यांची. दासन आणि विजयन हे दोन बेकार तरुण. दासन बी. कॉम. आहे आणि ते तो कुणाला विसरू देत नाही. दोघांना दुबईला जायचे आहे. गफूर नावाचा इसम पैसे घेतो, कॅलिफोर्नियाला निघालेले गलबत तुमच्यासाठी दुबईकडून नेऊ म्हणतो, आणि अरबी पोशाखातल्या या दोघांना उतरवतो मद्रासच्या किनाऱ्यावर! आखाताच्या स्वप्नापायी फसलेली माणसे आमच्या कोकणालाही नवी नाहीत.

गफूरचे काम मामुक्कोयांनी केले. नट होण्यापूर्वी ते कोळिकोडच्या कल्लायी भागात लाकडाच्या वखारीत काम करत. आपली कोळिकोडी बोली त्यांनी पडद्यावर जशीच्या तशी आणली, वेडीवाकडी केली नाही. म्हणून हसू येते ते दासनच्या पदवीच्या तोऱ्याचे, गफूरच्या उच्चारांचे नव्हे. तरी एक उणीव राहतेच. त्या चित्रपटात गफूर एकटा आहे, येतो, फसवतो, जातो. त्याचे घर आपल्याला दिसत नाही. मामुक्कोया 2023 साली वारले. ‘पेरुमळक्कालम’ (2004) सारख्या गंभीर भूमिका त्यांच्या वाट्याला तुलनेने कमीच आल्या.

ते घर दिसले झकरिया मुहम्मद यांच्या ‘सुडानी फ्रॉम नायजेरिया’ (2018) मध्ये. मलप्पुरम जिल्हा, सात-सात खेळाडूंचा फुटबॉल, आणि संघ चालवणारा कफल्लक मजीद. त्याचा नायजेरियन खेळाडू सॅम्युएल जखमी होऊन त्याच्याच घरी येऊन पडतो. कुठलाही आफ्रिकी माणूस गावाला ‘सुडानी’च; इथे विनोद गावाच्या अज्ञानावर आहे, आणि गाव स्वतःच तो करते. सगळेच मलबारी बोलतात, त्यामुळे ती बोली हास्यास्पद उरतच नाही. नमाज, पाहुणचार, सावत्र बापाशी धरलेला अबोला, सारे त्याच बोलीत चालते.

तक्रार एकच. मजीदची आई जमीला आणि शेजारीण बीयुम्मा फार गोड रंगवल्या आहेत. परक्या पोराची भाषा न कळता त्या त्याची सेवा करतात, पण त्यांना स्वतःला काय हवे, ते चित्रपट फारसे विचारत नाही. मात्र ही कामे करणाऱ्या सावित्री श्रीधरन आणि सरसा बालुश्शेरी कोळिकोडच्या रंगभूमीवरच्या, आणि दोघी मुसलमान नव्हेत. मापिळा बायकांची बोली त्यांनी अशी बोलून दाखवली, की केरळ शासनाचा चरित्र अभिनेत्रीचा पुरस्कार दोघींना मिळून देण्यात आला.