‘व्हेरिली’, ‘खचित’ आणि ‘आमेन’

इंग्रजी भाषेतील काही शब्द बाजारातून केव्हाच उठले आणि केवळ देवळात तेवढे उरले. ‘व्हेरिली’ हे क्रियाविशेषण त्यांपैकीच एक होय. आजचा कोणी इंग्रज शेजाऱ्याशी बोलताना हा शब्द वापरणार नाही. वापरलाच तर जुन्या काळची नक्कल करण्यासाठी, थट्टेने वापरील. परंतु १६११ साली इंग्लंडच्या राजा जेम्सच्या आश्रयाने प्रसिद्ध झालेले बायबल ज्यांनी वाचले आहे, त्यांच्या कानांत हा शब्द प्रभू येशूच्या मुखातूनच घुमतो. योहानाच्या शुभवर्तमानात तर तो दरवेळी जोडीने येतो : ‘व्हेरिली, व्हेरिली’. अर्थ विचाराल तर शब्दकोश ‘खरोखर’, ‘निश्चितपणे’ असे सांगून मोकळा होतो. हा अर्थ चुकीचा नाही. पण शुभवर्तमानाचा विचार करताना तेवढ्यावर थांबले तर हाती फक्त टरफल राहते, असे मला वाटते.

प्रथम शब्दाचे कूळ पाहू. ‘व्हेरिली’ हा ‘व्हेरी’पासून झाला आणि ‘व्हेरी’ हा जुन्या फ्रेंचमधून आला; मुळाशी लॅटिन ‘व्हेरुस’, म्हणजे ‘सत्य’. इंग्रजीत ‘व्हेरी’चा पहिला अर्थ ‘खरा’ असाच होता. अँग्लिकन प्रार्थनाग्रंथातील विश्वासांगीकारात प्रभू ख्रिस्ताला ‘खऱ्या देवापासूनचा खरा देव’ म्हणताना हाच ‘व्हेरी’ वापरला आहे. आज त्याचा अर्थ उरला आहे ‘फार’ किंवा ‘अतिशय’. चहा ‘व्हेरी’ गरम असतो आणि बस ‘व्हेरी’ उशिरा येते! सत्याची ग्वाही देणारे शब्द वापरून वापरून असेच झिजतात. आपल्या ‘खरंच’ची गत काय वेगळी आहे? ‘खरंच की काय?’ असे विचारताना खऱ्याखोट्याची चौकशी कोणाच्याही मनात नसते.

हा शब्द इंग्रजी शुभवर्तमानात आणला तो विल्यम टिंडेलने. त्याचा नवा करार १५२६ साली जर्मनीतील वर्म्स येथे छापून झाला. गंमत अशी की त्याच्याही आधी, चौदाव्या शतकात, विक्लिफच्या अनुयायांनी लॅटिनवरून जे भाषांतर केले त्यात त्याच जागी ‘ट्रूली’ हा अस्सल इंग्रजी शब्द होता. टिंडेलने ‘व्हेरिली’ घेतला, त्याच्या मागोमाग १६११च्या पंडितांनी तो कायम केला, आणि १९४६ साली रिव्हाइज्ड स्टँडर्ड व्हर्शनच्या नव्या करारात ‘ट्रूली’ परत आला. म्हणजे आपण ज्याला आधुनिक समजतो तोच शब्द अधिक जुना!

१६११च्या सुमारास ‘व्हेरिली’ हा बोलण्यातला शब्द म्हणून कितपत जोरकस होता, याचा एक साक्षीदार शेक्सपिअर आहे. त्याचे ‘द विंटर्स टेल’ हे नाटक त्याच वर्षी लंडनमधील ग्लोब नाट्यगृहात झाल्याची नोंद आहे. त्यात पहिल्याच अंकात एक राजा मुक्काम वाढवायला नकार देतो आणि ‘व्हेरिली’ म्हणून आपला नकार पक्का करू पाहतो. यजमान राणी हर्मायनी त्या शब्दावरूनच त्याची फिरकी घेते. ही कसली लेचीपेची शपथ, आणि बाईमाणसाची ‘व्हेरिली’ काय सरदाराच्या ‘व्हेरिली’पेक्षा कमी जोराची असते, असा तिचा रोख आहे. राजा मुकाट्याने राहतो. एकाच वर्षी, एकाच शहरात, हा शब्द व्यासपीठावर प्रभूच्या तोंडी आणि रंगमंचावर दरबारी थट्टेत! देवळातला शब्द आणि बैठकीतला शब्द यांत एवढे अंतर पडले, की तो देवळात टिकतो खरा. पण केवळ वासापुरता, धूपासारखा.

आता त्या शब्दाखाली काय झाकले गेले ते पाहू. ग्रीक शुभवर्तमानात या जागी ग्रीक शब्दच नाही. तेथे ‘आमेन’ हा हिब्रू शब्द जसाच्या तसा आहे. ज्या धातूपासून तो येतो त्याचा अर्थ दृढ असणे, स्थिर असणे, भरवसा ठेवण्याजोगे असणे. जुन्या करारात हा शब्द बहुतेक वेळा दुसऱ्याच्या बोलण्याला दिलेला रुकार म्हणून येतो. अनुवादाच्या २७व्या अध्यायात लेवी एकेक शाप उच्चारतात आणि प्रत्येक शापानंतर सगळे लोक ‘आमेन’ म्हणतात. नहेम्याच्या ८व्या अध्यायात एज्रा परमेश्वराचा धन्यवाद करतो, तेव्हा लोक हात वर करून ‘आमेन, आमेन’ म्हणतात. बोलणारा एक, ‘आमेन’ म्हणणारा दुसरा. आपल्या मराठी कथांतल्या ‘तथास्तु’शी त्याची गल्लत होते, म्हणून सांगतो : ‘तथास्तु’ देव म्हणतो आणि भक्त ऐकतो, ‘आमेन’ मात्र देवाला उद्देशून किंवा देवाच्या वचनावर माणूस म्हणतो.

प्रभू येशूने हा क्रम उलटा केला. त्याने ‘आमेन’ वाक्याच्या शेवटून उचलून आरंभी आणले, आणि तेही स्वतःच्याच बोलण्याच्या आरंभी. ‘परमेश्वर असे म्हणतो’ ही संदेष्ट्यांची बोलण्याची रीत. ते निरोप्ये होते. येशू तसे म्हणत नाही. तो आधी ‘आमेन’ म्हणतो आणि मग ‘मी सांगतो’ असे म्हणतो. योकिम येरेमियास या जर्मन शास्त्रपंडिताने या वैशिष्ट्याकडे विशेष लक्ष वेधले. या प्रकारच्या बोलण्याचा धागा मागे, पित्याकडे जातो, असे मला नेहमी वाटत आले आहे. पुत्राने पित्याचे काही ऐकले, त्याला ‘आमेन’ म्हटले, आणि मग ते आपल्याला सांगितले. मत्तय, मार्क आणि लूक यांत हे ‘आमेन’ एकेरी येते. योहानात ते दुहेरी असून असे प्रसंग २५ आहेत. रात्रीच्या वेळी भेटायला आलेल्या निकोदेमाला पहिल्या उत्तरातच हे ऐकावे लागले. तो स्वतः शास्त्री. ‘आमेन’ कधी म्हणायचे हे त्याला पक्के ठाऊक. त्याच्या कानांना ते किती विचित्र वाटले असेल!

‘व्हेरिली’ने हा विचित्रपणा पुसून टाकला. १६११च्या त्या बायबलात स्तोत्रांच्या शेवटी ‘आमेन’ आहे, अनुवादात लोकांच्या तोंडी ‘आमेन’ आहे, पौलाच्या पत्रांत ‘आमेन’ आहे, प्रकटीकरणाच्या ३ऱ्या अध्यायात तर खुद्द ख्रिस्ताचे नावच ‘आमेन’ आहे. केवळ शुभवर्तमानांत येशू बोलू लागला की तोच शब्द ‘व्हेरिली’ होतो. लोकांचा शब्द आणि प्रभूचा शब्द एकच आहे, हे वाचणाऱ्याला कळावे तरी कसे?

या बाबतीत परागंदा कॅथलिकांनी केलेले भाषांतर मला अधिक जाणते वाटते. एलिझाबेथ राणीच्या काळात इंग्लंड सोडून गेलेल्या ग्रेगरी मार्टिन आदी विद्वानांनी १५८२ साली फ्रान्समधील ऱ्हाइम्स येथे नवा करार प्रसिद्ध केला. त्यांनी ‘आमेन, आमेन’ तसेच ठेवले आणि प्रस्तावनेत त्याचे कारणही दिले. आज हे कानाला चमत्कारिक लागेल, पण सवयीने प्रार्थनेच्या शेवटच्या ‘आमेन’इतकेच ते ओळखीचे होईल आणि ‘व्हेरिली’पेक्षा गोडही लागेल, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय आहे. त्यांच्या पाठीशी संत ऑगस्टीन होते. ‘आमेन’ आणि ‘आलेलुया’ यांचे भाषांतर करता येते, तरी त्यांच्या पावित्र्यामुळे ते मूळ रूपात राखले गेले, असे ऑगस्टीनने ‘ख्रिस्ती शिकवण’ या ग्रंथात सांगितले आहे. योहानावरील प्रवचनांत तर ते आणखी पुढे जातात. असे म्हणणे उचित असेल तर ‘आमेन, आमेन’ ही प्रभूची जणू शपथच होय, असे ते म्हणतात. (त्याच पिढीतला एक इंग्रज कॅथलिक, फादर थॉमस स्टीफन्स, १५७९ साली गोव्यास आला आणि १६१६ साली त्याचे ‘क्रिस्तपुराण’ छापले गेले. इंग्रजीत परक्या शब्दांवरून भांडणे चालली असता या माणसाने ओवीत ख्रिस्तकथा सांगितली, ही आपल्या भाषेची कमाई आहे.)

ऱ्हाइम्सच्या मंडळींचे सगळेच बरोबर होते असे नाही. त्यांनी लॅटिन शब्दांची इतकी भरताड केली की १६११च्या पंडितांनी आपल्या प्रस्तावनेत त्यांच्या दुर्बोधतेला नाव ठेवले, आणि ते वावगे नव्हते. टिंडेललाही दोषी धरून चालणार नाही. नांगरणाऱ्या पोराला शास्त्र कळावे ही त्याची तळमळ होती आणि तिच्यापायी १५३६ साली त्याने प्राण दिले. शिवाय भाषांतराची ही वाट खुद्द शुभवर्तमानकारानेच दाखविली आहे. मार्कच्या ९व्या अध्यायाच्या आरंभी ‘आमेन’ आहे. तेच वचन लूक ९व्या अध्यायात देतो तेव्हा तेथे ‘आलेथोस’, म्हणजे ‘खरोखर’ असा ग्रीक शब्द घालतो. लूकचे वाचक ग्रीक वळणाचे होते. पण त्याच लूकने सहा ठिकाणी ‘आमेन’ तसेच राहू दिले आहे. परक्या शब्दाची ओळख राहावी इतकी जागा त्याने ठेवली. टिंडेलने एकही ठेवली नाही. माझी तक्रार आहे ती एवढीच.

नंतरच्या इंग्रजी भाषांतरकारांनी ‘व्हेरिली’ टाकला, पण पर्याय शोधताना त्यांची दमछाक झालेली दिसते. मॉन्सिनॉर रोनाल्ड नॉक्स यांनी १९४५ साली ‘मी सांगतो त्यावर विश्वास ठेवा’ अशा अर्थाची रचना योजली. ती इंग्रजी म्हणून देखणी आहे. मात्र प्रभू त्यात आर्जव करणारा वाटतो. १९६६च्या जेरुसलेम बायबलने ‘अत्यंत गांभीर्याने सांगतो’ असा मार्ग काढला. त्यात मला न्यायालयाचा वास येतो. अमेरिकेतील कॅथलिकांनी १९७०च्या आवृत्तीत असेच काही गंभीर आश्वासन घातले होते, पण १९८६ साली नवा करार सुधारताना ते सरळ ‘आमेन, आमेन’कडे वळले. ऱ्हाइम्सच्या निर्वासितांचे भाकीत चारशे वर्षांनी का होईना, तेथे खरे ठरले. भारतातील इंग्रजी मिस्सेसाठी २०२०पासून जो वाचनग्रंथ आला, त्यात मात्र पुन्हा ‘ट्रूली, ट्रूली’ आहे.

आपल्या मराठीत काय झाले? बायबल सोसायटीच्या प्रचलित भाषांतराने ‘खचित’ हा शब्द रूढ केला. योहानात तो ‘खचित खचित’ असा दुहेरी आहे. एके काळी हा बोलण्यातला चांगला ठसठशीत शब्द होता. आज त्याचे ‘व्हेरिली’ झाले आहे : देवळाबाहेर तो क्वचितच भेटतो. आणि त्याहून मोठी अडचण आहे. धर्मशिक्षणाच्या वर्गात एका मुलाने मला विचारले होते, “फादर, प्रभू खचून का सांगतो?” वर्ग हसला, मी हसलो नाही. ज्या पिढीला ‘खचित’ ठाऊक नाही तिला त्यात ‘खचणे’च ऐकू येणार! रस्ता खचतो, भिंत खचते, माणसाचे मन खचते. ज्या शब्दाचा मूळ अर्थ ‘अढळ’, त्याच्या भाषांतरातून मुलाला ढासळणे ऐकू यावे, यात त्या मुलाचा दोष नाही.

दुसरी गोष्ट जागेची. ‘व्हेरिली’ने काही नाही तरी एक गोष्ट सांभाळली होती : तो वाक्याच्या आरंभी, मूळच्या ‘आमेन’च्या जागीच उभा होता. आपल्या भाषांतरात आधी ‘मी’ येतो, मग ‘तुम्हांला’, आणि मग क्रियापदाला बिलगून ‘खचित’. त्यामुळे हे क्रियाविशेषण सांगण्याच्या रीतीचे वर्णन करू लागते. कसे सांगतो, तर नक्की सांगतो. मूळ ‘आमेन’ सांगण्याचे वर्णन करीत नाही. ते स्वतंत्र उभे राहते, क्षणभर थांबते, आणि मग सांगणे सुरू होते. अलीकडच्या सोप्या भाषांतरांतील ‘खरे सांगतो’ समजायला सुलभ आहे, हे मान्य. पण ‘खरं सांगतो’ हे तर आपण दुकानात भाव करतानाही म्हणतो, आणि समोरचा मनात म्हणतो, ‘म्हणजे एरवी खोटे सांगतोस वाटते!’

माझे मत असे की मराठीत योहानाच्या शुभवर्तमानात तरी ‘आमेन, आमेन’ परत आणावे. इंग्रजांना तो शब्द १५८२ साली चमत्कारिक वाटला असेल. आपल्या लोकांना तो परका नाही. आपल्या आजीला अक्षर येत नसे, पण ‘आमेन’ येत होते. ख्रिस्तशरीर स्वीकारताना आपण दर रविवारी तोच शब्द उच्चारतो. त्या वेळी आपण जे म्हणतो ते आधी प्रभूने म्हटलेले आहे, हे ऐकणाऱ्याला कळले तर वेदीपुढच्या त्या एका शब्दाला वजन येईल. ‘खचित’ला पाद-टीपेत जागा द्यावी, त्याने फार वर्षे सेवा केली आहे.

वाचनग्रंथातला शब्द धर्मगुरूने आपल्या मनाने बदलू नये, हा नियम मी पाळतो. त्यामुळे हे भाषांतर करणाऱ्यांपुढे मांडलेले म्हणणे आहे. एका सहकारी धर्मगुरूंना ते सांगितले तेव्हा त्यांनी व्यवहारातली अडचण दाखविली. शुभवर्तमानाचे वाचन चालू असताना लोक उभे असतात. मध्येच ‘आमेन’ ऐकले की वाचन संपले असे समजून निम्मे लोक बाकांवर बसतील. बसतील खरे. पहिला रविवार, फार तर दुसरा. मग दुसरे ‘आमेन’ ऐकून पुन्हा उभे राहतील.