पु. ल. आणि पडद्याची चौकट

पु. ल. देशपांडे यांच्या कारकिर्दीचा आढावा घेताना आपले टीकाकार नाटके, प्रवासवर्णने, व्यक्तिचित्रे आणि एकपात्री प्रयोग यांवर भरभरून लिहितात. दूरचित्रवाणीचे प्रकरण मात्र एका वाक्यात हातावेगळे करतात. भारतात दूरचित्रवाणीचे पहिले प्रक्षेपण १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीहून झाले. त्या केंद्राच्या आरंभीच्या निर्मात्यांत पु. ल. होते, त्या विद्येचे धडे त्यांनी लंडनला बी. बी. सी. मध्ये घेतले होते, आणि पंडित नेहरूंची भारतीय दूरचित्रवाणीवरील पहिली मुलाखत त्यांनी घेतली, हेही अभिमानाने सांगितले जाते. येथवर आले की लेखणी पुढच्या प्रकरणाकडे वळते. आम्हांस हा उतावळेपणा मान्य नाही. ज्या विनोदकाराला या देशात पडद्याची चौकट सर्वांच्या आधी खुली झाली, त्याने तीत बस्तान बांधले नाही. पुढे तिच्याबाहेर राहून त्याने जो लौकिक मिळवला, तो आज त्याच चौकटीतून आमच्या मुलाबाळांपर्यंत पोहोचतो. या उलटसुलट प्रवासात त्या कलेचे काय झाले, हा प्रश्न केवळ चरित्राचा नव्हे.

१९५५ साली ते आकाशवाणीत गेले तेव्हा त्यांच्या पाठीशी चित्रपटांचा अनुभव होता. 'गुळाचा गणपती' १९५३ सालचा. त्यात लेखन, दिग्दर्शन, संगीत आणि प्रमुख भूमिका इतके सारे एकाच माणसाचे. म्हणजे कॅमेऱ्याशी त्यांचे वाकडे होते असे कोणी म्हणू नये. परंतु त्यांच्या कलेवर खरा संस्कार झाला तो नभोवाणीचा. नभोवाणीपुढे बसलेला श्रोता काहीच पाहत नाही. आवाजाची पट्टी, श्वास घेण्याची जागा, शब्दाआधीचे अर्ध्या क्षणाचे थांबणे, एवढ्या भांडवलावर त्याच्या मनात माणूस उभा करावा लागतो. दिल्लीतील दूरचित्रवाणी त्या वेळी आठवड्यातून दोन दिवस, मोजक्या संचांवर दिसणारे एक प्रायोगिक खेळणे होते. ते सोडून पु. ल. मराठी रंगभूमीवर परतले आणि १९६१ साली 'बटाट्याची चाळ' घेऊन एकटेच प्रेक्षकांपुढे उभे राहिले. नेपथ्याचा पसारा नाही, सोबतीला नट नाहीत. सोकाजीनाना त्रिलोकेकर बोलून संपतात तोच एच्. मंगेशराव बोलू लागतात, आणि मधल्या क्षणी रंगमंचावर जणू कोणीच नसते. हे नभोवाणीचेच तंत्र. फरक इतकाच, की श्रोते आता समोर होते आणि त्यांचे हसणे पुढच्या वाक्याची वेळ ठरवीत होते.

वकिलीचा पेशा करणाऱ्यास येथे एक गोष्ट नमूद केल्यावाचून राहवत नाही, आणि पु. ल. स्वतःही कायद्याचे पदवीधर होते, तेव्हा तिचा त्यांनाही विटाळ झाला नसता. त्या काळी ध्वनिक्षेपक सरकारचा होता आणि त्याच्या पाठीमागची लहरही सरकारची होती. प्रक्षेपणाच्या लहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट शब्दांत सांगितले ते १९९५ साली. तोवर त्या माध्यमातला विनोदकार हा पगारी नोकर. त्याने शेजाऱ्याला हसावे, धन्याला हसू नये. पु. लं.नी नोकरी सोडली ती याच कारणास्तव, असा आमचा दावा नाही. हेतू सिद्ध करणे किती कठीण असते ते आम्ही जाणतो. परिणाम मात्र नोंदवावा. १९७७ च्या निवडणुकीत आणीबाणीविरुद्ध जाहीर सभांतून बोलणारा आणि १९९६ साली 'महाराष्ट्र भूषण' पुरस्कार स्वीकारताना राज्यातील ठोकशाहीविषयी आपली नापसंती बोलून दाखविणारा माणूस कोणाच्याही ध्वनिक्षेपकाचा मिंधा नव्हता.

या माध्यमात राहिले असते तर त्यांचे काय झाले असते, याचा अंदाज दुसऱ्या खंडातील एका उदाहरणावरून बांधता येतो. मेलबर्नचे बॅरी हम्फ्रीझ (१९३४–२०२३) पु. लं.पेक्षा चौदापंधरा वर्षांनी लहान. १९५५ च्या डिसेंबरात त्यांनी एडना एव्हरिज नावाची एक गृहिणी रंगमंचावर आणली. येत्या ऑलिंपिक सामन्यांसाठी येणाऱ्या परदेशी पाहुण्यांना मूनी पाँड्स या उपनगरातले आपले घर देऊ करणारी ही बाई म्हणजे तेथील मध्यमवर्गाच्या पडदे, टेबलक्लॉथ आणि अभिमान यांची चालतीबोलती यादी होती. आमच्या गिरगावातल्या चाळीची ती दूरची मावसबहीणच म्हणायची. पुढे एडनाच्या चष्म्याला पंख फुटले, केस जांभळे झाले, ती 'डेम' झाली, आणि १९८७ पासून ब्रिटिश दूरचित्रवाणीवर स्वतःचा कार्यक्रम थाटून नामांकित पाहुण्यांची रेवडी उडवू लागली. पात्र निर्मात्याहून मोठे झाले. हम्फ्रीझ यांची इतर पात्रे होती, पण जगाने लक्षात ठेवली ती एकच. दूरचित्रवाणीचा स्वभावच तसा आहे. तिला दर आठवड्यास तोच चेहरा, तोच चष्मा, तीच लकब हवी असते. यजमान बदलला की घरच परके वाटते. पु. लं.पाशी पन्नास आवाज होते आणि त्यांतला एकही कायमचा अंगावर चढवून घेण्याची त्यांची तयारी नव्हती. नाहीसे होणे हीच ज्याची कला, त्याला पडद्याची मागणी पुरवणे कठीणच गेले असते.

आणि ते पन्नास आवाज कोठले, हे पाहिले म्हणजे हैदराबादेतल्या मराठी माणसाला या लेखकाविषयी जी जवळीक वाटते तिचे कारण कळते. १९५६ च्या भाषावार प्रांतरचनेत मराठवाडा मुंबई राज्यात गेला. काचीगुडा आणि सुलतान बाजार येथील मराठी घरे जागच्या जागी राहिली आणि एका रात्रीत 'बृहन्महाराष्ट्र' झाली. तेव्हापासून आमच्या मराठीकडे पाहण्याची पुण्याची एक ठराविक तऱ्हा आहे: वर गेलेल्या भुवया आणि ओठांवर दाबलेले हसू. दख्खनी उर्दू आणि तेलुगूचा लेप बसलेली आमची वाक्ये ऐकून पाहुणे करमणूक करून घेतात. पु. लं.नी असले हसू कधी विकले नाही. 'तुझे आहे तुजपाशी' (१९५७) या नाटकातले काकाजी इंदूरचे. त्यांच्या बोलण्यात माळव्याची हिंदी मुरलेली आहे. प्रेक्षक त्या बोलीवर हसतात खरे, पण नाटकातले शहाणपण त्याच बोलीच्या पदरात घातलेले आहे. शुद्ध बोलणाऱ्या आचार्यांच्या वाट्याला ते आलेले नाही. 'गणगोत' मधील रावसाहेब बेळगावचे. कानडी हेल, शिव्यांचा सढळ वापर, आणि त्यातून उतू जाणारे संगीताचे आणि माणसांचे वेड. शिव्या वगळून रावसाहेब शुद्ध मराठीत लिहून पाहा, हाती काही उरत नाही. बोली हा त्या माणसाचा दोष नसून तो स्वतःच आहे, हे ज्या कानाने ओळखले तो कान नभोवाणीवर कसलेला होता. कोकणी वाचकांस निराळे सांगावयास नको, की हाच कान पुढे सुनीताबाईंसह बा. भ. बोरकरांच्या कवितेच्या जाहीर वाचनात कामी आला.

आमच्या शहराला ही ऐकण्याची विद्या नवी नाही. मुज्तबा हुसेन (१९३६–२०२०) यांनी येथे बसून उर्दूत जी व्यक्तिचित्रे लिहिली ती वाचण्यापेक्षा भरल्या सभेत त्यांच्याच तोंडून ऐकण्यात अधिक गोडी होती. गुलबर्ग्याच्या सुलेमान खतीब यांची दख्खनी विनोदी कविता तर कानासाठीच जन्मलेली. मुशायऱ्यात श्रोता गप्प बसत नाही. दाद देतो, ओळ पुन्हा म्हणवून घेतो, प्रसंगी कवीच्या आधी यमक ओळखून टाकतो. पु. लं.चा प्रयोग याच जातकुळीचा होता. तो पुस्तकात अर्धाच असतो. उरलेला अर्धा समोरच्या माणसांपाशी असतो.

चित्रफितीची अडचण येथे सुरू होते. पु. ल. १२ जून २००० रोजी गेले. त्यानंतर वाढलेल्या पिढीने त्यांना पाहिले ते ध्वनिमुद्रित वा चित्रित स्वरूपातच. या मुद्रणांचे मोल आम्ही कमी लेखत नाही. ती नसती तर त्या आवाजाची आम्हांपाशी केवळ आख्यायिका उरली असती. परंतु मुद्रण ही साक्षीची नक्कल आहे. साक्षीदार उलटतपासणीस हजर नाही. सभागृहातल्या त्या रात्रीच्या लोकांचे हसणे फितीवर कायमचे गोठले आहे, आणि कोठे हसायचे हे आता ते लोक ठरवितात. 'अंतू बर्वा' घ्या. मुलगा मुंबईस, रत्नागिरीच्या घरात एकटा म्हातारा, जिभेवर सतत परजलेले तिरके वाक्य. वाचताना ती वाक्ये जसजशी अधिक धारदार होतात तसतसा घसा दाटून येतो. पडद्यावर मात्र आमच्या घरातली मुले पुढच्या विनोदाकडे डोळे लावून असतात आणि तो आला की फितीतल्या लोकांबरोबर हसतात. ती ज्यावर हसतात तो हेल असतो. शब्द त्यांतल्या निम्म्यांना कळलेला नसतो. इंग्रजी आणि तेलुगूत शिकणाऱ्या या मुलांना दोष देण्यात अर्थ नाही. मात्र मूल पु. लं.ना हसते म्हणजे घरात मराठी टिकली, असा निर्वाळा आमच्या येथील अनेक पालक स्वतःस देतात. तो पुराव्यावर टिकणारा नाही.

आता थोडी तक्रार. पु. लं.च्या चाळीत स्त्रिया पुष्कळ असल्या तरी त्यांतल्या बहुतेक नवऱ्याच्या वाक्याला पूर्णविराम देण्यापुरत्याच येतात. मुंबईच्या त्या मध्यमवर्गीय जिन्याखाली गिरणीचा भोंगा वाजत होता. तो या पुस्तकात फारसा ऐकू येत नाही. माणसाचा दुष्टपणा दिसताच तो सौम्य करून मांडण्याची त्यांची प्रवृत्ती आहे, आणि ती केवळ चांगुलपणातून आली असे आम्हांस वाटत नाही. प्रेक्षक दुखावला तर प्रयोग मोडतो, हे गणितही तीत आहे. 'चाळी'च्या अखेरच्या चिंतनात मात्र हे गणित बाजूस पडते, आणि जे नाहीसे होणार त्याच्याकडे लेखक डोळे उघडे ठेवून पाहतो. परगावच्या आणि परदेशीच्या मराठी मंडळांत नेमका हाच भाग गाळला जातो, याचे आम्हांस नवल वाटत नाही. गोड तेवढे ताटात घ्यायचे ठरले की कडू आपोआप वगळले जाते.

२०१८ साली 'नमुने' या हिंदी मालिकेने पु. लं.च्या वल्लींना दूरचित्रवाणीवर देह दिला. उद्देश स्तुत्य, आणि त्यामुळे आमच्या अमराठी शेजाऱ्यांना निदान नावे तरी कळली. पण प्रत्येक वल्लीला निराळा चेहरा, निराळा पोशाख, निराळे घर मिळाले आणि ज्या एका माणसाच्या प्रेमळ खोडकर नजरेत ते सारे नांदत होते ती नजर मागे पडली. शिवाय हिंदीत गेल्यावर सगळेच एका बोलीत बोलू लागतात. रत्नागिरी आणि बेळगाव यांच्यातले अंतरच मावळते. २०१४ साली सुरू झालेल्या 'चला हवा येऊ द्या' मध्ये बोलींना पुन्हा वाव मिळाला, वऱ्हाडी आणि कोल्हापुरी हेल घराघरांत गेले, हे श्रेय त्या मंडळींना दिलेच पाहिजे. तेथे आम्हांस खटकते ते पाहुण्यांच्या कोचावरचे हसणे. विनोद झाला की कॅमेरा हसणाऱ्या पाहुण्याकडे वळतो. प्रेक्षकाने हसावे की नाही, याचा निकाल त्याच्या वतीने आधीच लागलेला असतो.

आमच्या शहरातील मराठी संस्था पु. लं.च्या जन्मदिनी, ८ नोव्हेंबरला, दिवे मालवून चित्रफीत लावतात. एखाद्या वर्षी दिवे लावून पुस्तक उघडावे, असे आम्ही सुचवितो. वाचणारा आपल्यातलाच असावा, त्याने नक्कल करू नये, आणि एखाद्या मुलाने शब्द अडवला तर वाचन थांबवून तो सांगावा. मग त्यात तास गेला तरी चालेल. आरंभ 'रावसाहेबां'पासून करावा. त्यांची मराठी आमच्या मुलांना पुण्याच्या मराठीपेक्षा लवकर कळेल.