निरीक्षण आणि संमती

निकोला फिलिबेर यांच्या ‘एत्र ए आव्वार’ (२००२) या फ्रेंच अनुबोधपटाची प्रशंसा पुष्कळ झाली; ती अस्थानी होती, असे आमचे म्हणणे नाही. ओव्हेर्न्य भागातील एका खेड्यातील एकशिक्षकी शाळा हा त्याचा विषय. आरंभी ओस वर्गात कासवे सावकाश सरकतात आणि चित्रपटाची गती तेथेच ठरते. निवेदन नाही, शिक्षकांची एक मुलाखत वगळता प्रश्नोत्तरेही नाहीत. छायाप्रतीच्या यंत्राशी दोन बालके झटत असता कॅमेरा घाई करीत नाही. हा संयम दुर्मीळ होय.

परंतु एका प्रसंगी आम्ही अडखळतो. वडिलांच्या गंभीर आजाराविषयी शिक्षक एका मोठ्या मुलास हळुवारपणे विचारतात. मुलाचे डोळे भरून येतात, आणि कॅमेरा तेथून हटत नाही. शिक्षकांचा प्रश्न त्या मुलापुरता आहे. अश्रू मात्र आपल्यापर्यंत पोहोचतात. वडीलधाऱ्यांची संमती असली, तरी आपले रडणे लक्षावधी लोक पाहतील, हे त्या मुलास कितपत उमगले असेल?

पुढे त्याच शिक्षकांनी मोबदल्यासाठी दावा लावला. २००४ साली पॅरिसच्या न्यायालयाने तो फेटाळला. निर्णय कायद्यास धरून असेल. पण ज्यांच्या अध्यापनावर चित्रपट उभा आहे, त्यांनी आपला वाटा मागितला म्हणून त्यांना लोभी म्हणणे आम्हांस मान्य नाही.

बर्लिन महोत्सवात २०२३ साली सुवर्ण अस्वल मिळविणाऱ्या ‘सुर लादामाँ’मध्ये फिलिबेर यांची रीत पालटलेली दिसते. सेन नदीवरील तरंगत्या उपचारकेंद्रातील मनोरुग्ण तेथे कॅमेऱ्यामागील माणसाशी सरळ बोलतात.