अश्रूंपाशी थांबलेला कॅमेरा

क्शिश्तोफ किश्लोव्स्की हे नाव आपल्या वाचकांना ठाऊक असेल ते ‘डेकॅलॉग’मुळे. दहा आज्ञांच्या छायेत घडणाऱ्या या दहा चित्रपटांना व्हॅटिकनने १९९५ साली आपल्या ४५ निवडक चित्रपटांच्या यादीत स्थान दिले. परंतु या पोलिश दिग्दर्शकाने (१९४१-१९९६) त्यापूर्वी सुमारे एक तप मुख्यतः अनुबोधपट केले होते. ती केवळ कथापटाकडे जाणारी पायरी होती, असे समीक्षक सहज लिहून जातात. मला ते पटत नाही. अनुबोधपट त्याने सोडले ते सदसद्विवेकबुद्धीच्या टोचणीमुळे.

लॉड्झच्या चित्रपट विद्यालयात काझिमिएश काराबाश हे त्याचे गुरू. ट्राम कामगारांचा हौशी वाद्यवृंद तालीम करतो आहे, एवढ्याच विषयावर त्यांनी १९६० साली ‘वादक’ हा छोटा अनुबोधपट केला होता. सामान्य माणसाकडे आदराने पाहण्याची ही शिकवण किश्लोव्स्कीने उचलली. साम्यवादी राजवटीच्या प्रचारातला सदा हसतमुख कामगार आणि प्रत्यक्षातला थकलेला माणूस यांतले अंतर तो दाखवू लागला. ‘इस्पितळ’ (१९७६) मध्ये शल्यचिकित्सक मोडक्या साधनांनिशी ३२ तासांची पाळी पार पाडतात. टीकेचा एक शब्दही न उच्चारता व्यवस्थेची लक्तरे दिसतात.

पेच निर्माण झाला तो निराळ्याच ठिकाणी. ‘पहिले प्रेम’ (१९७४) साठी त्याने एका अल्पवयीन गर्भवती मुलीचा व तिच्या तरुण जोडीदाराचा, बाळाच्या जन्मापर्यंत पाठपुरावा केला. एका प्रसंगात त्यांच्या खोलीवर पोलीस येतो. तो यावा अशी तजवीज खुद्द दिग्दर्शकानेच केली होती! दिवस भरत आलेल्या त्या मुलीला या धक्क्याने काही झाले असते तर? पुढे बाळ जन्मते, बाप रडतो. ते अश्रू खरे होते. खऱ्या अश्रूंची आपल्याला भीती वाटते, ते टिपण्याचा अधिकार आपल्याला आहे की नाही हे कळत नाही, अशा आशयाचे उद्गार किश्लोव्स्कीने नंतर काढले. कथापटात ग्लिसरीन असते, हा त्याला दिलासा वाटे.

‘रात्रपाळीच्या पहारेकऱ्याच्या दृष्टीने’ (१९७७) मधला पहारेकरी शिस्तीचा वेडा आहे. जाहीर फाशीचाही तो पुरस्कार करतो. त्या माणसाला त्रास होईल म्हणून हा पट दूरदर्शनवर दाखवण्यास दिग्दर्शकाने विरोध केला. ही सहृदयता खरी. तरीही हा पट मला खटकतो. त्या गृहस्थाने विश्वासाने मन उघडले आणि प्रेक्षक त्याला हसले. आधी उघडे पाडायचे व मग झाकायचे, यात झाकणे नेहमीच अपुरे पडते.

शेवटचा घाव ‘स्टेशन’ (१९८०) च्या वेळी बसला. वॉर्साच्या मध्यवर्ती स्थानकावर रात्री चित्रण चालले असता पोलिसांनी फिल्म जप्त केली. एका मुलीने आईचा खून करून प्रेताचे तुकडे त्याच स्थानकाच्या सामानकप्प्यांत ठेवले होते आणि ती चित्रणात सापडते का, हे त्यांना पाहायचे होते. ती सापडली नाही. पण सापडली असती तर आपण नकळत पोलिसांचे हस्तक ठरलो असतो, हा विचार किश्लोव्स्कीला सोडीना.

खुनी सापडला तर त्यात वाईट काय, असे कोणी विचारील. प्रश्न रास्त आहे. परंतु आपण कॅथलिक लोक पापनिवेदनाची गुप्तता जाणतो. धर्मगुरूच्या कानी पडलेले तेथेच राहते, म्हणूनच माणूस तेथे बोलू शकतो. स्वतः किश्लोव्स्की चर्चला नियमाने जाणारा नव्हता. तरी माणसाच्या अंतःकरणात कॅमेऱ्याने न ओलांडावा असा उंबरठा असतो, हे त्याने ओळखले. मार्सेल वोझिन्स्कीसारखे त्याचे समकालीन अनुबोधपटच करीत राहिले, आणि तेही उत्तम. तेव्हा त्याचा निर्णय हा सर्वांसाठी नियम नव्हे.

कथापटांतही हा विषय त्याने सोडला नाही. ‘हौशी’ (१९७९) चा नायक तान्ह्या मुलीसाठी कॅमेरा घेतो. त्याच्या चित्रणापायी एका भल्या माणसाची नोकरी जाते, आणि अखेर तो कॅमेरा स्वतःकडेच वळवतो. ‘डेकॅलॉग’च्या सहाव्या भागात एक तरुण दुर्बिणीतून समोरच्या घरातील स्त्रीला चोरून न्याहाळतो. आणि त्या मालिकेत वारंवार येणारा तो अनामिक तरुण आठवा: जवळून जातो, व्यथित नजरेने पाहतो, एक शब्दही बोलत नाही. त्याच्या हाती कॅमेरा नाही.