‘अपराजितो’मधील सर्वजया : न बोललेली सत्ता

वाराणसीत संकठा घाटाच्या पायऱ्या चढून देवीच्या मंदिराकडे निघालो की अरुंद गल्ल्या लागतात. तिथली जुनी घरे चौकाची : मध्ये अंगण, भोवती खोल्या, वर दुसरे बिऱ्हाड. अशा घरात कोण कोणाच्या दाराशी किती सहज येतो, यावरून सत्ता कोणाची हे कळते. सत्यजित राय यांच्या ‘अपराजितो’ (१९५६) या चित्रपटातील सर्वजया काशीत अशाच घरात तळमजल्यावर राहते. करुणा बॅनर्जी यांनी ही भूमिका केली आहे.

घराचा चौक प्रत्यक्षात स्टुडिओत उभारलेला होता. छायाचित्रकार सुब्रत मित्र यांनी वर कापड ताणून त्यावरून प्रकाश परावर्तित केला. त्या मऊ उजेडात हे घर आपल्या ओळखीचे वाटते.

या पार्श्वभूमीवर दोन प्रसंग पाहू.

पहिला : नवरा हरिहर आजारी असताना वरच्या मजल्यावरचे नंदबाबू सर्वजयेच्या स्वयंपाकघरात शिरतात. ती विळी उचलते, ते माघार घेतात. इथे दोषी कोण याबद्दल शंका उरत नाही.

दुसरा : हरिहरच्या मृत्यूनंतर ती एका श्रीमंत घरी स्वयंपाकीण होते. तिथे कोणी तिला छळत नाही. मालकीण प्रेमानेच बोलते. पण जिन्यावरून उतरताना आपला मुलगा अपू मालकाची सेवा करताना तिला दिसतो. ती काहीच बोलत नाही. पुढच्याच दृश्यात मायलेक गाडीत बसलेले असतात.

माझ्या मते दुसरा प्रसंग अधिक खोल आहे. विळी दुष्ट माणसावर उगारता येते, चांगुलपणावर नाही. उपकाराखाली असलेल्या स्त्रीला तक्रार करायला शब्दच सापडत नाहीत. तिच्या गप्प राहण्याला आपण संमती समजतो. राय मात्र त्या शांततेत तिचा निर्णय होताना दाखवतात.

अभियांत्रिकीच्या वर्गात हा चित्रपट कशाला, असे विचारले जाते. परगावी खोली घेऊन राहणाऱ्या आमच्या विद्यार्थिनींना ‘आपुलकीने’ चौकशी करणारे घरमालक भेटतात. ‘त्यात गैर काय?’ हा प्रश्न त्यांनाच ऐकावा लागतो.

विचारासाठी प्रश्न
१. जिन्यावरच्या दृश्यात सर्वजयेला संवाद दिला असता तर काय हरवले असते?
२. मालकिणीच्या प्रेमळपणात सत्ता कुठे दिसते?