रंगपटातील स्त्री आणि मराठी तमाशापट

रंगमंचामागील जीवन हा आरंभीच्या ब्रिटिश संगीतपटांचा आवडता विषय होता. व्हिक्टर सॅव्हिल यांच्या ‘द गुड कम्पॅनियन्स’ (१९३३) मध्ये डबघाईला आलेले फिरते कलापथक एक प्रौढ अविवाहिता सावरते. त्यांच्याच ‘एव्हरग्रीन’ (१९३४) मध्ये जेसी मॅथ्यूज यांनी साकारलेली तरुणी नामवंत आईचे सोंग घेऊन रंगमंचावर येते. दोन्ही चित्रपटांत रंगपट हे स्त्रीच्या उपजीविकेचे व कर्तृत्वाचे स्थान आहे. मराठी चित्रपटाने या स्थानाकडे कोणाच्या नजरेने पाहिले, हा प्रस्तुत लेखाचा प्रश्न आहे.

मराठीत हा विषय प्रामुख्याने तमाशाच्या फडाच्या रूपाने आला. ‘लोकशाहीर रामजोशी’ (१९४७) मध्ये ब्राह्मण तरुण फडाकडे ओढला जातो; ‘पिंजरा’ (१९७२) मध्ये तमाशाविरोधी गुरुजी अखेर फडातच राबतात. पंचवीस वर्षांच्या अंतराने आलेल्या या दोन्ही चित्रपटांचा केंद्रबिंदू बाहेरून फडात शिरणारा पुरुष हाच आहे. त्याने काय गमावले याचा हिशेब तपशीलवार मांडला जातो. नर्तकीच्या श्रमाचा व मिळकतीचा हिशेब मात्र क्वचितच होतो. ती प्रेमिका असते किंवा मोह असते, कष्टकरी नसते. या चित्रपटांनी लावणीला प्रतिष्ठा दिली हे मान्य करूनही ही उणीव नजरेआड करता येत नाही.

ती उणीव भरून काढली ती ‘रामजोशी’च्याच नायिकेने. हंसा वाडकर यांचे आत्मकथन १९७० मध्ये ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाले. त्याला त्यांनी भूमिका केलेल्या अनंत माने यांच्या ‘सांगत्ये ऐका’ (१९५९) या तमाशापटाचेच नाव आहे. घर चालविण्यासाठी कोवळ्या वयात चेहऱ्याला लागलेला रंग आणि स्वतःच्या कमाईवर असलेला इतरांचा ताबा यांची निःसंकोच नोंद तेथे आढळते. वाडकरांच्या बालपणाशी निगडित सावंतवाडी १९८१ पर्यंत रत्नागिरी जिल्ह्यातच होती. म्हणून कोकणातील अभ्यासकांना हा ग्रंथ परका वाटू नये.

या आत्मकथनावर आधारलेला श्याम बेनेगल यांचा ‘भूमिका’ (१९७७) हिंदीत निघाला. मराठी नटीचा रंगपट तिच्या नजरेने दाखविण्याचे काम अन्य भाषेतील चित्रपटाने केले, ही बाब मराठी समीक्षेला अंतर्मुख करणारी आहे. सारांश, ‘रामजोशी’चा अभ्यास ‘सांगत्ये ऐका’ या ग्रंथाच्या जोडीनेच व्हावयास हवा. पडद्यावर जी केवळ मोह म्हणून दिसते तिचे श्रम त्याशिवाय आपल्या विद्यार्थ्यांना दिसणार नाहीत.