रोमन लिपीतील मल्याळम

1990 नंतरच्या दशकात अमेरिकेतील व आखातातील मल्याळी मंडळी ई-मेलने परस्परांशी मायबोलीत बोलू लागली. लिपी मात्र रोमन होती. 'ऴ'साठी त्यांनी झेड्-एच् ही रूढ जोडीच वापरली. (तिच्यामुळेच मराठी वृत्तपत्रांत कोऴिक्कोडचे 'कोझिकोड' झाले!) ऱ्हस्व-दीर्घ, त-ट हे भेद पुष्कळदा पुसले गेल्याने, शब्द कानाला आधीच ओळखीचा असल्याखेरीज तो वाचता येत नसे. या लेखनात घरगुती बोली निःसंकोच उतरली, हा लाभ खराच. परंतु परदेशी वाढलेल्या, मल्याळम अर्धवटच ऐकलेल्या मुलांना त्याचे दार बंद राहिले. स्वररहित व्यंजनांच्या 'चिल्लु' अक्षरांना युनिकोडमध्ये स्वतंत्र संकेतांक 2008 साली मिळाले. तोवर पुष्कळ पत्रव्यवहार होऊन गेला होता. त्यास साहित्येतिहासात घ्यावयाचे तर, लिप्यंतर करताना प्रमाण रूप धरावे की लिहिणाऱ्याची बोली, हे प्रथम ठरवावे लागेल.